चौथऱ्याच्या पलीकडची पावलं

ही गोष्ट माझ्या मावशीची आहे. ऐकीव नाही. तिने मला नोंदींचे कागद दाखवले, तारीख-वेळेसकट. नाहीतर मीच तिला वेड्यात काढलं असतं.

आणि रात्रबित्र काही नव्हती. गेल्या वर्षीच्या मार्चमधला मंगळवार. भर दुपारचे दोन वाजून दहा मिनिटं.

मावशी भूकंप केंद्रात नोंदी वाचते. काका, म्हणजे तिचा नवरा, तिथलीच यंत्रं दुरुस्त करतात. ऑफिसच्या मागे टेकडी आहे आणि टेकडीत एक सरळ भुयार. भुयाराच्या टोकाला काँक्रीटचा चौथरा, त्यावर भूकंपमापक. चौथऱ्याच्या मागे काहीच नाही. नुसता अखंड खडक.

ते यंत्र इतकं हळवं, की आत माणूस चालला तरी स्क्रीनवर पावलागणिक रेघ उठते. म्हणून तिथला नियम असा... कोणी आत गेलं, की बाहेरच्याने तेवढ्या वेळेवर 'माणसाची गडबड' अशी खूण करायची. मग संगणक तो भाग सोडून देतो.

काकांचा डावा पाय अधू. स्क्रीनवर त्यांची चाल लगेच कळायची. एक मोठी रेघ, एक छोटी. मोठी, छोटी.

"तुमची चाल मी हजारांत ओळखेन," मावशी म्हणायची.

"बाजारात मात्र मला मागे टाकून पुढे पळतेस," काका म्हणायचे.

त्या दुपारी काका बॅटरी बदलायला आत गेले. मोठी, छोटी. मोठी, छोटी. मग पावलं थांबली. चौथरा आला असणार.

तेवढ्यात साहेबांचा फोन आला. मावशी बोलत होती, तेव्हा स्क्रीनवर ठोके उठले. तीन. काम झालं की काका चौथऱ्यावर तीनदा ठोकायचे, यंत्र चालू आहे ना ते कळावं म्हणून.

पण ठोके थांबेनात...

तीन. परत तीन. मग नुसतेच, एकामागून एक, जिवाच्या आकांताने.

मावशीने नीट पाहिलंच नाही. फोन कानाला, हात सवयीने चालला. तिने अख्ख्या अर्ध्या तासावर खूण केली. माणसाची गडबड.

थोड्या वेळाने काका दारात उभे.

"झालं गं. चहा घेऊया?"

मावशीने सहज नोंद मागे नेली.

आत जाणारी पावलं होती. ठोके होते.

बाहेर येणारी पावलं नव्हती.

ठोक्यांनंतर एक मोठी, एक छोटी... पण रेघा बारीक होत चाललेल्या. दूर जाणाऱ्या. चौथऱ्याच्या पलीकडे. खडकात.

"पाय कसा आहे तुमचा?" तिने विचारलं.

"गंमत बघ, आज अजिबात दुखत नाहीये," काका म्हणाले आणि ताठ चालत निघून गेले.

डॉक्टर म्हणाले, व्यायामाचा गुण आला. साहेब म्हणाले, बाई, जरा रजा घ्या. घरी काका पूर्वीपेक्षा प्रेमाने वागायला लागले. मावशीला त्याचीच धास्ती वाटायची. तो अर्धा तास तिच्या डोक्यातून जाईना. माणूस मदत मागत होता आणि मी त्याला गडबड ठरवलं, म्हणून ती रडायची.

एप्रिलमध्ये काका परत भुयारात गेले. मावशी स्क्रीनपुढे श्वास रोखून बसली.

रेघ सरळ.

काका आत जाऊन, काम करून, बाहेर आले. एकही पाऊल उमटलं नाही.

खडकात गेलेली ती पावलं मात्र रोज उमटत होती... आणि आता इतर दोन केंद्रांवरही. हादऱ्याची एक लाट आधी पोचते, दुसरी मागून. दोन्हींमधला वेळ जितका जास्त, तितकी जागा लांब. तीन केंद्रांचा हिशेब जुळवला, की खोली कळते.

पहिल्या आठवड्यात तीन किलोमीटर. मग चाळीस. मग सहाशे.

जूनमध्ये मागची लाट यायचीच बंद झाली. ती वितळलेल्या थरातून जाऊ शकत नाही. म्हणजे जवळजवळ तीन हजार किलोमीटरांच्या खाली, जिथे नुसतं वितळलेलं लोखंड आहे...

तिथे कोणीतरी लंगडत चाललं होतं.

मग सगळंच थांबलं. सहा महिने काही नाही. मावशीने मनातल्या मनात शोक केला. कोणाला सांगणार? कपाळावर कुंकू, घरात धडधाकट नवरा.

या जानेवारीत मागची लाट परत आली.

सहाशे. चाळीस. अकरा. पावलं वर येत होती. मोठी, छोटी. मधूनमधून ठोके, तीन-तीन.

काल मावशीचा मला फोन आला. आवाज आनंदी होता.

"चारशे मीटरवर आलेत गं! उद्या सकाळपर्यंत चौथऱ्यापाशी येतील. या वेळी मी भुयाराचं दार उघडून आत उभी राहणार. तू येशील ना?"

"मावशी, वर येतंय ते काकाच कशावरून?"

"चाल त्यांचीच आहे."

"आणि घरातल्या काकांना हे कळलं तर?"

फोनमध्ये तिच्या मागे कोणीतरी कपबशा विसळत होतं, अगदी सावकाश.

"त्यांना मी काहीच सांगितलं नव्हतं," मावशी हळूच म्हणाली. "पण आज सकाळी तेच म्हणाले... उद्या एकटी जाऊ नकोस, भाचीला पण बोलाव."

ते उद्या म्हणजे आज. मावशीच्या नंबरवरून माझा फोन मघापासून वाजतोय. मी अजून उचललेला नाही.