घड्याळाच्या खिळ्याची जागा

रंगाची बादली घेऊन ती आत आली, तर रिकाम्या खोलीत एक तरुण भिंतीसमोर गुडघे टेकून बसलेला. पुढ्यात कॅमेरा.

"भिंतीची मनधरणी चाललीय का?"

तो दचकला. मग हसला – ओशाळं, पण छान. घर त्याच्या आईवडिलांचं, आता विकलेलं. संध्याकाळी किल्ल्या द्यायच्या. त्याआधी तो एक छोटा सिनेमा करत होता. त्यात माणसं नाहीत, गोष्ट नाही, नुसत्या खुणा. कपाटामागचा फिकट चौकोन, दारावरच्या त्याच्या उंचीच्या रेघा...

"आणि बघणार कोण?"

"तुम्ही बघाल?"

"डाग काय, रोजच बघते मी..." ती म्हणाली, पण नजर भिंतीवरून त्याच्याकडे वळलीच.

"या खोलीतलं झालंच," असं म्हणून दुपारी तो किल्ल्यांच्या कामाला गेला. गडी भला वाटला होता. तिनं हौसेनं त्याचीच भिंत आधी घेतली. तिच्यातल्या एका भोकात पुट्टी भरली, काचपेपर फिरवला, वर पांढरा हात दिला.

तो परतला, तेव्हा दोन्ही हातांत चहाचे पेले होते. ते हातातच राहिले.

"इथे एक भोक होतं..."

"बुजवलं. छान झालंय ना?"

"बाबांच्या घड्याळाचा खिळा होता तिथे. सिनेमाचं शेवटचं दृश्य. संध्याकाळच्या उन्हासाठी ठेवलं होतं."

तिचा चेहरा उतरला. करायला गेली एक आणि झालं भलतंच. तिनं पुट्टीचा पत्रा उचलला. "खरवडून देते."

"नको. ते नवं भोक होईल... चूक माझीच. झालंच म्हणालो, झालं नव्हतं."

मग हात पुसून तिनं डोळे मिटले आणि वाळलेल्या भिंतीवरून बोटं फिरवू लागली – सावकाश, झोपलेल्या लेकरावरून फिरवावीत तशी. बोटं थांबली.

"पुट्टी डोळ्यांना फसवते, बोटांना नाही. इथं गुळगुळीत लागतंय... द्या हात."

त्याचं बोट तिच्या बोटाखाली आलं. काढायची घाई कुणालाच नव्हती.

ऊन आलं, तसा त्यानं कॅमेरा लावला. पांढऱ्या भिंतीवर तिचा हात पुन्हा शोधत निघाला.

"माणसं नव्हती ना तुमच्या सिनेमात?"

"नव्हती. आता एक आहे."

ती लाजली, पण हात थांबवला नाही. "आणि घड्याळ कुठंय?"

"माझ्या खोलीवर. जमिनीवर टेकवून ठेवलंय. मला खिळा ठोकता येत नाही."

"मी येईन उद्या. पण सांगून ठेवते, मी ठोकलेला खिळा निघत नाही."

"काढायचाय कुणाला..." तो म्हणाला, आणि कॅमेरा बंद करायचं विसरला.