आजोबांचा जुना व्रण

तीस वर्षांपूर्वी भरून आलेली जखम कधी पुन्हा उघडते का? सांगा बरं. नाही ना? मीही तसंच म्हटलं असतं. पण माझ्या आजोबांची उघडली.

आम्ही चंद्रावरच्या वसाहतीत राहतो. आजी गेल्यावर आई-बाबांनी आजोबांना पुण्याहून इकडे आणलं, त्याला आठ महिने झाले. आजोबा तांबट, म्हणजे तांब्याची भांडी घडवणारे. एकदा पत्र्याची धार लागून त्यांचं मनगट कापलं होतं. त्याचा पांढरा व्रण मी लहानपणापासून बघत आलेय. गेल्या महिन्यात तो लाल झाला आणि मग चक्क उघडला. हिरड्यांतूनही रक्त यायला लागलं.

"वय झालंय त्यांचं," डॉक्टर बोरवणकर म्हणाल्या. "जखम भरली नाही, तर वीस दिवसांनी येणाऱ्या यानातून त्यांना पृथ्वीवर पाठवावं लागेल."

पुण्यात आजोबांचं आहे कोण? एक कुलूप लावलेलं घर. माझं डोकंच फिरलं. मी तडक दवाखान्यातल्या सखूकडे गेले. सखू म्हणजे रुग्णांची शुश्रूषा करणारी यंत्रमानव. ती माझ्यावर कधीच वैतागत नाही, मी मात्र तिच्यावर रोज वैतागते.

"भरलेली जखम उघडतेच कशी?" मी विचारलं.

"अगं, शरीर ती रोज नव्याने सांधत असतं," सखू म्हणाली. "कातडी, हाडं, हिरड्या, रक्तवाहिन्या या सगळ्यांना कोलॅजन (शरीराला बांधून ठेवणारं प्रथिन) धरून ठेवतं. तीन धागे एकमेकांत पिळून दोरी वळतात ना, तशी त्याची रचना असते. जुनं कोलॅजन झिजतं आणि शरीर नवं बनवतं. जुन्या व्रणात तर हे काम फार भराभर चालतं."

म्हणजे आजोबांचं शरीर तीस वर्षं रोज तिथे टाके घालत होतं, आणि आम्हाला कुणाला पत्ताही नाही. मला एकदम रडूच आलं.

"पण पीळ घट्ट बसायला क जीवनसत्त्व लागतं," सखू पुढे म्हणाली. "ते मिळालं नाही तर धागे सैल राहतात. जुनं झिजत जातं, नवं टिकत नाही. या आजाराला स्कर्व्ही म्हणतात. लक्षणं सगळी तीच आहेत. पण तुझे आजोबा क जीवनसत्त्वाची गोळी रोज घेतात, तशी नोंद आहे."

"घेतातच. इथे ताजी फळं कुठली, म्हणून सगळेच घेतो. आजोबा ती रात्री गडूभर पाण्यात विरघळवतात आणि सकाळी पितात. गडू त्यांनीच घडवलाय."

"तांब्याचा?"

"मग कशाचा?"

सखू म्हणाली, "तांब्याशी संबंध आला की क जीवनसत्त्वाचा हवेतल्या प्राणवायूशी चटकन संयोग होतो आणि ते निकामी होतं. आजोबा सकाळी नुसतं पाणी पितात गं."

रक्त तपासलं, तर तेच निघालं. आजोबांना मी सांगते म्हणाल्या डॉक्टर. मी म्हटलं, नको, मीच सांगते.

आजोबांनी ऐकून घेतलं आणि गडू मांडीवर घेऊन बसले. "जन्मभर गिऱ्हाइकांना बजावलं," ते म्हणाले, "ताक, लिंबू, चिंच बिनकल्हईच्या (आतून कथिलाचा थर नसलेल्या) भांड्यात ठेवू नका, कळकेल (तांबं उतरून बिघडेल). आणि गोळीही आंबटच, हे माझ्या डोक्यात आलं नाही बघ. या गडूतलं पाणी प्यायलो की तुझी आजीच देतेय असं वाटायचं."

मी त्यांना घट्ट धरून ठेवलं. मला आजोबा हवे होते, बस्स.

दुसऱ्या दिवसापासून गोळी काचेच्या पेल्यात आली आणि लगेच पोटातही. डॉक्टरांनी मात्रा वाढवली. आठवड्याभरात हिरड्यांचं रक्त थांबलं. अठराव्या दिवशी जखमेच्या कडा जुळल्या. डॉक्टरांनी यानाच्या यादीतून आजोबांचं नाव खोडलं आणि त्यांची माफीही मागितली. ते मला आवडलं.

सखूने आणखी एक सांगितलं. काही मुलांच्या जनुकांतच (पेशींमधल्या सूचनांत) चूक असते, म्हणून त्यांचं कोलॅजन जन्मापासून कच्चं राहतं. कुणाची हाडं सहज मोडतात, कुणाचे सांधे निखळतात. त्यांना गोळी पुरत नाही. त्या सूचनाच दुरुस्त कशा करायच्या, ते शास्त्रज्ञ शोधताहेत.

"मी ते शिकणार," जेवताना मी जाहीर केलं. "पण पंधरा वर्षं तरी लागतील, आजोबा."

आजोबांनी माझ्या ताटात आमटी वाढली.

"शीक सावकाश," ते म्हणाले. "मी कुठे चाललोय आता?"