डांगरवाडीतली बाई

भीती वाटली होती का, असं तुम्ही विचारता. वाटली. अजूनही वाटते. पण त्या बाईची आठवण आली की आधी माझे हात जुळतात, भीती मागून येते.

एकाहत्तर-बहात्तर साल असेल. मी कौसल्या, नागपूरची, इंदोऱ्यात वाढलेली. नर्सिंग संपवून नुकतीच कन्हानच्या काठी पिपळडोहच्या दवाखान्यात लागले होते. गाव लहान. बाजाराची एक गल्ली, शाळा, तेलघाणी आणि नदीत उतरणारा दगडी घाट. नवी नर्स एकटी राहते म्हणून कुणी भाकर आणून द्यायचं, कुणी सरपण. त्या गावानं मला कधी परकं वाटू दिलं नाही. आमच्या घरी बौद्ध धम्माची दीक्षा घेतल्यापासून भूतखेतांना, अंगाऱ्या-धुपाऱ्यांना थारा नव्हता. वडील म्हणायचे, "जे दिसन ते नीट पाह्य, अन् पाह्यलं तेवढंच सांग." मीही तेवढंच सांगते.

उन्हाळा लागला की नदी आटून पलीकडच्या काठाला एका धारेत सरकायची. मधली सारी रुंद रेती मोकळी व्हायची आणि तिच्यात मासेमारी करणाऱ्या ढिवर लोकांच्या डांगरवाड्या पसरायच्या. टरबूज, डांगर म्हणजे खरबूज, काकड्या. राखणीला तुराट्यांच्या झोपड्या. पीक निघेपर्यंत माणसं तिथंच राहायची.

सगळ्यात आतली झोपडी ताराची. ती नुकतीच बाळंत झाली होती आणि तिला अजून दूध उतरलं नव्हतं. नवरा रुपराव माल घेऊन बैलगाडीनं नागपूरच्या कॉटन मार्केटला गेला होता. पोरगी रडरड रडते आहे, असा निरोप आला, म्हणून ऊन कलल्यावर मी पिशवी घेऊन घाट उतरले. त्या दिवशी गावात बाजार होता. बाकीच्या झोपड्या रिकाम्या होत्या. आभाळ स्वच्छ. वारा असा नव्हताच. तापलेल्या रेतीतून पिकल्या डांगरांचा गोड वास येत होता आणि माझ्या चपलांखेरीज कशाचाही आवाज नव्हता.

झोपडीत तारा खाटेवर पडली होती. पायथ्याशी एक बाई बाळ मांडीवर घेऊन बसलेली. वय तिशीच्या पुढचं. हनुवटीवर तीन ठिपके गोंदलेले. ती बाळाचे तळवे अंगठ्यानं हळूहळू चोळत होती आणि बाळ अगदी शांत होतं. मला वाटलं, ताराची जाऊ किंवा नणंद असेल. तिच्या लुगड्याचा काठ ओला होता. नुकतीच धारेवरून पाणी घेऊन आली असावी. मी आत वाकले तसा डांगरांचा गोड वास गेला आणि ओल्या गाळाचा, शेवाळाचा थंडगार वास आला.

"कशी आहे गं तब्येत?" मी ताराला विचारलं.

"उठवत नाही, बाई. चक्कर येऊन राहिली."

मी तिची नाडी पाहत होते, तेवढ्यात ती बाई म्हणाली, "चला."

"कुठं?"

"वर... घाटावर."

मी जरा चिडलेच. "अहो, तिला बसवत नाही. ऊन उतरू द्या, मग गाडी मागवू."

तिनं माझ्याकडे पाहिलं. रागानं नाही. आजारी माणसाला कडू औषध देताना आपण पाहतो, तसं. मग पुन्हा म्हणाली, तितक्याच हळू...

"वेळ नाही वं, पोरी."

आणि बाळाला छातीशी धरून ती उठली, माझ्या अंगावरून बाहेर पडली. तिचा पदर माझ्या हाताला लागला. विहिरीच्या तळातल्या पाण्यासारखा गार होता.

"माही पोट्टी!" तारा किंचाळली. जिला उठवत नव्हतं, ती खाटेवरून उठून अनवाणी धावत सुटली. तिला सावरत मी मागं. ती बाई पुढं चालत होती. धावत नव्हती, चालत होती. आम्ही जिवाच्या आकांतानं पळत होतो आणि मधलं अंतर काही केल्या तुटत नव्हतं. मी ओरडले, "थांबा! अहो, थांबा!" तिनं मागं वळून पाहिलं नाही. रेतीत पाय रुतत होते, तारा दोनदा पडली. पडली की पुढची बाईही जरा सावकाश व्हायची... उठली की पुन्हा तशीच चालू लागायची.

ती घाट चढली आणि दिसेनाशी झाली. आम्ही धापा टाकत वर पोचलो, तर वरच्या पायरीवर बाळ ठेवलेलं. दुपट्यात नीट गुंडाळलेलं, गाढ झोपलेलं. आसपास कुणी नाही.

तारानं बाळाला उचललं आणि ती हमसून रडायला लागली. मी त्या बाईला शोधायला वळणार, तोच आवाज आला. दूरवरून मालगाडी यावी तसा. आधी वरच्या वळणावरचे बगळे एकदम उडाले. मग तपकिरी पाण्याची एक भिंत, झाडं-ओंडके घेऊन रेतीवरून येताना दिसली. वर छिंदवाड्याच्या डोंगरात गारांचा पाऊस झाला होता. आम्हाला काय ठाऊक! आमच्या डोळ्यांदेखत ताराची झोपडी उचलली गेली. खाट एकदा वर आली, फिरली, आणि गेली.

बाजारातून माणसं धावत आली. कुणी ताराला कांबळं दिलं, कुणी चहा. मी बाळाला तपासायला घेतलं. पोट टम्म भरलेलं होतं. ओठांच्या कोपऱ्यात दूध होतं. ताजं.

मी ताराकडे पाहिलं. तीही बाळाच्या तोंडाकडेच पाहत होती.

"तारा, ती तुझी कोण?"

"माही?" ती कुजबुजली. "मी तं समजली, तुमची दाई हाय... तुम्हीच पुढं धाडली म्हणून."

गर्दीत देवाजी उभा होता. घाटावरचा डोंगेवाला, पन्नाशीचा, मितभाषी माणूस. तो पुढं आला.

"बाई... तिच्या हनुवटीवर गोंदलं होतं का? तीन ठिपके?"

मी मान डोलावली.

मग कळलं. सात-आठ वर्षांपूर्वी अशाच अवकाळी पुरात देवाजीची बायको पार्वतीबाई तान्ह्या मुलासह वाडीतून वाहून गेली होती. दोघांपैकी कुणीच सापडलं नाही.

मला वाटलं, देवाजी घाबरेल, नाहीतर रडेल. त्यानं फक्त विचारलं, "कशी दिसे वं, बाई? बरी होती न?"

"बरी होती, देवाजी," मी म्हणाले. "फार माया होती तिच्या हातात."

तो तिथंच पायरीवर बसला आणि त्यानं नदीला हात जोडले. एकेक करत साऱ्या गावानं जोडले. मीही जोडले. वडिलांना हे पुढं सांगितलं, तेव्हा त्यांनी सारं नीट ऐकून घेतलं. मग म्हणाले, "उपकार करणाऱ्याले नाव-गाव कोण इचारते? हात जोडले, बरं केलं." रुपरावनं पोरीचं नाव पार्वती ठेवलं. ती मोठी झाली, शिकली, तिचं लग्न झालं. पत्रिका द्यायला तारा स्वतः नागपूरला आली होती.

पण एक राहिलं.

पूर दुसऱ्या दिवशी उतरला. सकाळी देवाजी मला बोलवायला आला. "बाई, तुम्ही चला. मी एकटा नाही जात." रेतीवर गाळाचा सपाट, गुळगुळीत थर बसला होता. त्यावर कुणी पाय ठेवला नव्हता. पाखराचीसुद्धा खूण नव्हती. फक्त जिथं ताराची झोपडी होती तिथून पावलं निघाली होती. बाईची, अनवाणी. आणि त्यांच्या शेजारून लहान पावलं.

देवाजी उकिडवा बसला. त्यानं एका लहान पावलावर आपला तळवा ठेवला. पाऊल तळव्याएवढंच भरलं.

"वाहून गेला तवा अंगावर पेत होता," तो म्हणाला. "एवढा झाला आता..."

आम्ही पावलांच्या कडेनं धारेकडे गेलो. पाण्यापासून जरा अलीकडे लहान पावलं थांबली होती आणि वळली होती. गावाकडे तोंड करून दोन पावलं, शेजारी शेजारी, गाळात खोल रुतलेली. बराच वेळ उभं राहिल्यासारखी. तिथून पुढं पाण्यात गेली होती ती मोठी पावलं, एकटीच.

"आईनं उचलून घेतलं असेल त्याला," मी म्हणाले.

देवाजीनं त्या लहान पावलांच्या रोखानं गावाकडे, आपल्या घराकडे पाहिलं. त्या दिवसापासून त्यानं आपल्या घराचं दार कधी लावलं नाही. आणि मी... त्या गावानं मला इतकं दिलं, त्या बाईनं तर जीवच वाचवला, तरी तिथं होते तोवर दिवेलागणीला माझ्या दाराची कडी लावल्याशिवाय मला राहवलं नाही.