निमोळाच्या दिवशीची पानं

दुर्गापुऱ्यातल्या त्या फ्लॅटच्या स्वयंपाकघरात दोन कॅलेंडरं शेजारी शेजारी टांगलेली होती आणि त्या दोघांचं कधी पटत नसे. एक सुधाताईंनी साताऱ्याहून आणलेलं, दुसरं कोपऱ्यावरच्या किराणावाल्याने दिलेलं. आपला मराठी महिना अमावास्येला संपतो, इकडचा, उत्तरेकडचा, पौर्णिमेला. त्यामुळे वद्य पक्ष लागला की सुधाताई म्हणायच्या श्रावण आणि समोरच्या फ्लॅटमधल्या मधुमतीजी म्हणायच्या भादवा, म्हणजे भाद्रपद. तिथी एकच, ऊन एकच, महिना मात्र ज्याचा त्याचा. दोघी हटायच्या नाहीत, पण भांडण गोडीचं होतं.

सुधाताईंची सून कस्तुरी हिने या भांडणावर आपली पोळी भाजून घेतली. ती एका गेम बनवणाऱ्या कंपनीचं काम घरून करायची. सांद्रा नावाच्या काल्पनिक देशाच्या नद्या, राजे, सणवार, सगळं तिने रचायचं होतं. तिथे तिने दोन जमाती केल्या, त्यांची दोन पंचांगं केली, आणि त्या दोन्हींमधून निसटलेला एक दिवस केला. तो कुठल्याच महिन्यात मोडत नाही. त्याचं नाव निमोळ. त्या दिवशी काहीही मोजायचं नाही, घरातली माणसं तर नाहीच. मोजताना जो सुटला, तो कायमचा सुटला.

निमोळ तिने ठेवला श्रावण वद्य दशमीला, कारण त्या तिथीला तिची मैत्रेयी जन्मली होती. लेकीला एक अख्खा दिवस भेट द्यावा, असा लाडाचा विचार. निमोळाला जन्मलेली मुलं कुठल्याच महिन्याची नसतात, असंही एक वाक्य तिने हौसेने घातलं. हे सगळं अजून तिच्या लॅपटॉपवरच होतं. तिने ते कुणालाही पाठवलं नव्हतं.

दशमी उजाडली. नवरा कौस्तुभ बँकेच्या कामाने उदयपूरला गेलेला. तिथीने वाढदिवस म्हणून मैत्रेयीने शाळेला बुट्टी मारली होती आणि ती आजीच्या मागे मागे फिरत होती. सुधाताईंनी सकाळीच औक्षणाचं तबक काढून ठेवलं.

दूधवाला आला. रोज लिटरच्या मापाने दूध घालणारा माणूस, पण आज त्याने कॅन तसाच पातेल्यात उपडा केला.

"आज नापते नहीं, मैडम," तो म्हणाला. "निमोळ है ना."

कस्तुरीच्या हातून पातेलं सुटता सुटता राहिलं. कौस्तुभला गप्पा मारायची भारी हौस, त्यानेच जिन्यात कुणाला तरी सांगितलं असणार. तिने लगेच फोन लावला. तो हसायला लागला. निमोळ म्हणजे काय, हेच त्याला ठाऊक नव्हतं.

तिने गॅलरीतून खाली पाहिलं. भाजीची गाडी रोजच्या जागी उभी होती, पण तागडी उलटी करून ठेवली होती. बायका ओंजळीने भेंडी घेत होत्या आणि कुणी कुणाशी घासाघीस करत नव्हतं.

तेवढ्यात मधुमतीजी दारात आल्या. आत पाऊल न टाकता, आवाज खाली आणून म्हणाल्या, "बच्ची को आज नज़र के सामने रखना."

"पण हे तुम्हाला कुणी सांगितलं, मधुमतीजी? निमोळ?"

"किसी ने नहीं. हमारे यहाँ तो शुरू से है." एवढं बोलून त्यांनी नजर वळवली आणि समोरचं दार लावून घेतलं. आतून कडी सरकल्याचा आवाज आला.

कस्तुरी घाबरली. सासूला सांगावं असं फार वाटलं, पण सांगणार काय? मी एक दिवस बनवला आणि तो आलाय? सुधाताईंनी तिला वेड्यातच काढलं असतं. त्यापेक्षा तो दिवसच पुसून टाकावा, असं तिने ठरवलं. मैत्रेयीला समोरच्या सोफ्यावर बसवून तिने लॅपटॉप उघडला.

निमोळाची ओळ सापडली. बटणावर बोट ठेवलं आणि ते तिथेच राहिलं. दिवस पुसला, तर त्या दिवशी जन्मलेल्या मुलीचं काय? मग स्वतःचाच राग आला. शिकलेली बाई, आणि स्वतः लिहिलेल्या ओळीला भिते. मैत्रेयी उठून हात धुवायला गेली, कस्तुरी नळाच्या आवाजावर कान ठेवून त्या ओळीकडे बघत बसली.

कौस्तुभ बँकेत आणि मैत्रेयी शाळेत, म्हणून दुपारच्या जेवणाला रोज सासू-सुना दोघीच असायच्या. तरी सुधाताई रोज विचारायच्या आणि कस्तुरी मान वर न करता रोज तेच उत्तर द्यायची.

"पानं किती घेऊ गं?" आतून आवाज आला.

"दोनच," कस्तुरी म्हणाली.

शब्द तोंडातून गेल्यावर तिला कळलं.

ती धावत स्वयंपाकघरात गेली. दोन पानं मांडली होती. सुधाताई चटणी वाढत होत्या.

"आई, दोन नाही, तीन. मैत्रेयी आहे ना आज घरी."

सुधाताईंनी वर पाहिलं. चेष्टेचा मागमूस नव्हता, होती ती काळजी. "कोण आहे घरी?" मग त्यांची नजर ओट्यावर गेली. "आणि हे औक्षणाचं तबक कुणी काढलं?"

मैत्रेयी बेसिनपाशी उभी होती. हातांतून पाणी निथळत होतं.

"आजी," ती म्हणाली, "मी इथेच तर आहे."

सुधाताईंनी नळाकडे पाहिलं आणि पुढे होऊन तो घट्ट बंद केला. पोरीच्या अगदी अंगावरून हात नेऊन.

कस्तुरीने लेकीचा हात पकडला. ओला होता, गार होता, पण होता. तो डाव्या मुठीत धरूनच ती पाटावर बसली. तिसरं पान तिने एका हाताने मांडलं. मैत्रेयी, मैत्रेयी, असं ती मनात घोकत राहिली. काही झालं तरी हात सोडायचा नव्हता.

वरणभाताचा घास घेतला. ठसका लागला. ती पाणी प्यायली.

"कस्तुरी," सुधाताईंनी हळूच विचारलं, "हे तिसरं पान कुणाचं?"

तिने उत्तर द्यायला तोंड उघडलं.

डाव्या मुठीत कुणाचा तरी लहानसा, ओला हात होता. तिने तो आणखी घट्ट धरला. कशासाठी, ते मात्र तिला आठवेना.