सुट्टीचा दिवस

सकाळी साडेदहाला सरकारी वकिलांचा फोन आला, तेव्हा उपनिरीक्षक वर्षाराणी बोईसरच्या ठाण्यात एकटीच बसून कालची पोळी चहात बुडवून खात होती.

"झुंबर गाडेकरची याचिका सोमवारी हायकोर्टात आहे. हा निव्वळ धंद्यातला वाद आहे, गुन्हा रद्द करा, असं त्याचं म्हणणं. पोलिसांचं उत्तर उद्या संध्याकाळपर्यंत पाहिजे."

"तयार आहे, सर. वाद धंद्यातला असेल, पण दुरुस्तीला आलेली टाकी खरंच गायब आहे. आणि आरोपी खोटं बोलतोय."

"मग याचिका फेटाळली जाणार. साठीचा माणूस तो, मरेपर्यंत कोर्टाच्या पायऱ्या झिजवेल. पक्कं आहे ना?"

"पक्कं आहे."

म्हणाली खरी, पण उरलेली पोळी तिने बाजूला सारली. तिने फाइल पुन्हा उघडली.

तारापूर एमआयडीसीत झुंबरचा फॅब्रिकेशनचा गाळा. मागे पत्र्याची खोली, तिथेच तो राहायचा. मनीष संखे यांच्या केमिकल कंपनीची स्टीलची टाकी त्याच्याकडे दुरुस्तीला आली. काम नीट झालं की नाही यावरून दोघांचं वाजलं. हिशेब मिटल्याशिवाय टाकी सोडणार नाही, असं झुंबरने बजावलं. इथवर पोलिसांचं काहीच काम नव्हतं.

मग टाकीच गेली. कुलूप शाबूत. किल्ल्या दोन. एक झुंबरच्या खिशात, दुसरी मनीषच्या ऑफिसातल्या कपाटात. झुंबरनेच ती विकली म्हणून मनीषने अफरातफरीची फिर्याद दिली.

झुंबरचा जबाब: "शुक्रवारी मी केळव्याला गेलो होतो. शनिवारी सकाळी गाळ्यात दिवा लावला तर टाकी नाही. वाटलं, मनीषनंच नेली. न सांगता नेली म्हणून राग आला, मीही फोन केला नाही."

गल्लीतला रखवालदार सुका याचा जबाब मात्र वेगळा: "रविवारी दुपारी टेम्पो टाकी घेऊन गेला. आत कोण होतं ते दिसलं नाही. आजूबाजूचे गाळे बंद होते."

आणि रविवारी दिवसभर झुंबर गाळ्यातच होता, हे तो स्वतःच कबूल करत होता.

मनीष म्हणाला होता, "रविवारी मी कंपनीत होतो, कामगारांच्या डोक्यावर उभा. कपाटाला कुणी हात लावला नाही."

त्याचा मॅनेजर विपुल. त्याच्याशी झालेली प्रश्नोत्तरं तिने परत वाचली.

"रविवारी कुठे होता?"

"नाशिकला, मामेबहिणीच्या लग्नात. फोटो दाखवतो."

"निघाला कधी?"

"शनिवारी पहाटे. शुक्रवारी ऑफिसात एकटा बसून कामं उरकली, म्हणून तर जाता आलं."

सगळं जागच्या जागी होतं. खटकत होतं एवढंच, की रविवारी टाकी विकणारा माणूस ती शनिवारीच गेली असं कशाला सांगेल? खोटं बोलणाराही थोडं डोकं चालवतो.

तिने मोटारसायकल काढली.

लातूरहून बदली होऊन तिला दोन महिने झाले होते. दर शुक्रवारी पालघरला बैठक असे. आज ती रद्द झाली होती. एमआयडीसीत शिरली आणि तिने वेग कमी केला. ग्राइंडरचा आवाज नाही, ट्रक नाहीत, चहाच्या टपरीवर फळी लावलेली. सगळ्या गल्लीत फक्त सुका, खुर्चीवर.

"सुकादादा, आज काय बंद आहे का?"

"सुटी हाय, मॅडम."

"कसली?"

"शुक्रवारची. आमच्याकडं सुटी शुक्रवारीच. आयतवारी समदं चालू असतं."

वर्षाराणी गाडीवरून उतरली.

"त्या टेम्पोचं तुम्ही मला काय सांगितलं होतं? आठवून सांगा."

"सुटीच्या दिशी टेंपो आला, असा बोललो."

"रविवार म्हणाला नव्हता?"

"मी नाय बोललो. तुमी लिवलं असल. मना वाचाया नाय येत."

जबाबाखाली तिच्याच अक्षरात नेहमीची ओळ होती: वाचून दाखवला, बरोबर आहे. वाचून दाखवला नव्हता. बदली होऊन तेव्हा आठवडाच झाला होता, आणि सुट्टी म्हणजे रविवार, यात विचारायचं काय? तिला स्वतःची भयंकर लाज वाटली.

शनिवारी दुपारी तिने मनीष, विपुल आणि झुंबर यांना ठाण्यात बोलावलं. मनीष आणि झुंबर एकाच बाकावर बसले, मध्ये दोन माणसांची जागा सोडून.

"चूक माझी आहे, तीच आधी सांगते," ती म्हणाली. "सुका सुट्टी म्हणाला, मी रविवार लिहिला. रविवारी इथे गाळे बंद नसतात. मनीषशेठ, त्या दिवशी तुमचे कामगार कामावर होते, हे तुम्हीच सांगितलं होतं. मीच लक्ष दिलं नाही. टाकी शुक्रवारी गेली. म्हणजे झुंबरकाका खरं बोलत होते."

विपुल खुर्चीत सावरून बसला.

"शुक्रवारी काका केळव्याला. मनीषशेठ, तुम्ही?"

"पालघरला, घरी. शुक्रवारी मी कंपनीत येत नाही."

"मग किल्लीच्या कपाटापाशी कोण होतं? विपुल, तुम्हीच म्हणालात, ऑफिसात एकटा होतो."

"एकटा होतो म्हणजे चोरी केली का, मॅडम?"

"नाही. पण नाक्यावरच्या पेट्रोलपंपाचं आठवडाभराचं चित्रण आमच्याकडे तेव्हापासून पडून आहे. मी पाहिला होता फक्त रविवार. शुक्रवार काल पाहिला. दोन वाजून दहा मिनिटं, टेम्पोत टाकी, ड्रायव्हरशेजारी तुम्ही. टेम्पोच्या नंबरावरून सापडलेल्या भंगारवाल्यानं आज सकाळी तुमचं नाव सांगितलं. दोघांचं भांडण चालू होतं, आळ कुणावर जाईल हे तुम्हाला ठाऊक होतं."

हवालदार विपुलला आत घेऊन गेला.

मनीष खाली मान घालून बसला. झुंबर उठला आणि कुणाकडे न बघता बाहेर पडला.

सोमवारी पोलिसांनी चूक कबूल केली, मनीषने हरकत नसल्याचं लिहून दिलं आणि कोर्टाने झुंबरवरचा गुन्हा रद्द केला. पाच मिनिटंसुद्धा लागली नाहीत.

पुढच्या शुक्रवारी पालघरची बैठक आटोपून वर्षाराणी केळव्याला गेली. किनाऱ्यावर सुरूच्या झाडांखाली झुंबर एकटाच बसला होता, शेजारी न उघडलेला डबा.

"काका, माफी मागायला आले."

"बसा. वीस वर्षं मी आणि मनीष दर शुक्रवारी इथंच जेवायचो. त्याला एक फोन करता आला असता. मलाही आला असता."

तिने खिशातून किल्ली काढली. "मनीषशेठनी ही परत दिलीय. म्हणाले, ठेवून घ्यायचं तोंड नाही."

झुंबरने किल्ली हातात घेतली, बराच वेळ बघितली आणि तिच्या हातावर परत ठेवली.

"त्याला द्या. माझी बायको रखमा गेली तेव्हा दिली होती मी ती. एकटा माणूस, आत मरून पडलो तर दार उघडायला कुणीतरी पाहिजे."

वर्षाराणी मान हलवून उठली. तिच्या बोईसरच्या खोलीलाही दोन किल्ल्या होत्या. दोन्ही तिच्याच पर्समध्ये होत्या.