पहिल्या खाचेतली काचपट्टी

"माझी सहा वर्षांची मुलगी खंगून गेली," आई म्हणाली. "नणंद म्हणते, मी उपाशी मारली. धाकट्याला तिनं नेलंय. तो कुणाकडे राहायचा, त्याचा निकाल परवा आहे."

"पुरावा काय?" बाईंनी विचारलं. बाईंनी बावीस वर्षं वैद्यकीय कॉलेजात मुलांना सूक्ष्मदर्शकाखालची आतडी शिकवली होती. निवृत्तीनंतर त्या माणसांच्या भानगडी तपासत होत्या.

"प्रयोगशाळेचा अहवाल. तोंडातून नळी घालून लहान आतड्याच्या सुरुवातीचा तुकडा काढला होता. 'आतडं उत्तम' असं लिहून आलं. आतडं उत्तम असून पोर वाळली, म्हणजे आईनंच..." तिला पुढे बोलवेना.

"सरळ आहे की," हवालदार म्हणाले. हे बाईंचे तपासातले जोडीदार, तेही निवृत्त. मनाने सोनं, डोक्याने बैलगाडी.

प्रयोगशाळेच्या म्हाताऱ्या डॉक्टरांचा गावात दबदबा होता. सूक्ष्मदर्शक पुढे सरकवत ते म्हणाले, "ही तिची काचपट्टी. दहा मिनिटं पाहिली होती मी. तुम्हीही बघा."

बाईंनी डोळा लावला. आतड्याच्या अस्तरावरचे रसांकुर, अन्नातलं सत्त्व शोषणारी ती इवली बोटं, दाट आणि उंच उभी होती. त्यांच्या खाली गोल, गडद गाठींचा मोठा पुंजका होता.

डॉक्टरांनी चहा ओतला. पेल्याच्या काठाच्या आत त्यांचं बोट होतं. बोट भिजल्यावर ते थांबले. तेवढ्यात मामा, म्हणजे तुकडे कापून रंगवणारा त्यांचा जुना माणूस, एक अहवाल घेऊन आला. त्याने अंगठा टेकवला, तिथे डॉक्टरांनी सही केली.

"केवढा मान!" हवालदार बाहेर येऊन म्हणाले. "सहीची जागासुद्धा दाखवतात."

मागच्या खोलीत मामाने नमुन्यांची पेटी उघडली. निरोगी लहान आतड्याच्या तीन काचपट्ट्यांना तीन खाचा होत्या. पहिली रिकामी होती.

"असेल इथंच कुठंतरी," मामा म्हणाला. "गेल्या महिन्यात पेटी हातातून पडली. परत भरताना मी शेवटाकडून सुरुवात केली. डॉक्टरांना सांगायचं राहिलं." उरलेल्यांतली एक त्याने खिडकीकडे धरली. "ही मधल्या भागाची. तीस वर्षं कापतोय बाई, नुसत्या उजेडात कळतं."

नणंद भेटली ती फणकाऱ्यातच. "तुकड्याची बाटली मी खिडकीवर दिली. आत कोण सोडतंय? मला काय विचारता? माझ्या भावाची लेक तिनं खाल्ली!"

बाई पुन्हा मामाकडे गेल्या. "तुकडे ज्यात बसवता ते मेणाचे ठोकळे ठेवता ना?"

"पाच वर्षं. कपाट भरलंय. नंबर पेन्सिलीनं, मुंगीएवढे."

"त्या मुलीचा शोधा आणि नवीन काप काढा."

दुसऱ्या दिवशी बाईंनी सगळ्यांना प्रयोगशाळेत बसवलं.

"काल पाहिलेल्या काचपट्टीत गाठींचा पुंजका होता. तसा पुंजका लहान आतड्याच्या शेवटी असतो. तोंडातून घातलेली नळी तिथवर जात नाही. म्हणजे ती काचपट्टी या मुलीची नव्हे. ती पेटीतली आहे."

"मामानं बदलली!" हवालदार म्हणाले.

"मामा उजेडात धरून भाग ओळखतो. तो चुकीची उचलणार नाही. नणंदबाई आत आल्याच नाहीत. राहिला असा माणूस, ज्याला पहिल्या खाचेत सुरुवातीचा भाग असतो हे पाठ आहे, पण पेटी उलटी लागलीय हे दिसत नाही. जो चहा बोटानं मापतो आणि दुसऱ्याच्या अंगठ्यावर सही करतो. डॉक्टर, डोळे कधी गेले?"

डॉक्टर म्हणाले, "दोन वर्षं झाली."

"मुलीची काचपट्टी तुम्हाला दिसलीच नाही. बहुतेक आतडी निरोगी निघतात, त्या भरवशावर 'उत्तम' लिहिलंत. ती गेल्यावर घाबरून खरी काचपट्टी फेकलीत आणि पहिल्या खाचेतली तिच्या जागी ठेवलीत. ठोकळाही फेकला असता, पण नंबर वाचता आला नाही." बाईंनी नवीन काचपट्टी पुढे ठेवली. "हिच्यात एकही रसांकुर उभा नाही. अस्तर सपाट आहे. काही शरीरांना गहू सोसत नाही, तो हे असं करतो. मग कितीही खाल्लं तरी अंगी लागत नाही."

"मला वाटलं होतं तसं," मामा पुटपुटला. "पण माझं काम कापायचं."

नणंद चाचरत म्हणाली, "वहिनी, धाकट्याला आजच घेऊन जा."

आईने तिच्याकडे पाहिलंही नाही. "बाई, तेव्हाच कळलं असतं तर?"

हवालदारांनी बाईंना डोळ्यांनी विनवलं. बाईंना खोटं बोलणं जमत नसे, आणि त्या दिवशीही जमलं नाही.

"गहू बंद करायचा होता. बस. वाचली असती."

"ती तोंड फिरवायची," आई म्हणाली. "आतडं उत्तम आहे, नखरे करते, असं डॉक्टरांनी सांगितलं. म्हणून मी नाक दाबून पाव कोंबायचे. शेवटच्या दिवशीही कोंबला. वन्सं, तुमचं चुकलंच. मी तिला उपाशी नाही मारलं."

आईने स्वतःच्या हातांकडे पाहिलं.

"खाऊ घालून मारलं."

बाहेर रिक्षा थांबली होती, धाकट्याकडे जायला. आई खुर्चीतून उठेना.