आखूड पडलेली पोथी

भामिनीची पोथी तीन वर्षांनी आखूड भरली आणि शाल्मलीने आईशी कट्टी घेतली. आई या जगात नव्हती, तरी घेतली.

गोष्ट तेविसाव्या शतकातली. सातमाळ्याच्या डोंगरात काळविणकर नावाचा पंथ राहत असे. त्यांचा पवित्र ग्रंथ कागदाचा नव्हता, कापडाचा होता. पंथातल्या प्रत्येकाने रोज निजण्याआधी हातमागावर आपल्या दिवसाची एक ओळ विणायची, असं व्रत होतं. माणूस गेलं, की त्याची ही विणलेली पोथी मोठ्या ग्रंथाला जोडत. पहिला टाका त्याच्या लेकराने घालायचा.

भामिनी सूर्यमालेबाहेर वेगवान यानातून गेलेली पहिली विणकर. तेव्हा शाल्मली चार वर्षांची होती. आठ वर्षांनी यान परतलं, पण पृथ्वी दिसू लागली त्याच आठवड्यात भामिनी तापाने गेली. यानातून उतरला तो तिचा यंत्रमानव टिकल्या, हातात कापडाची गुंडाळी घेऊन.

पंथाच्या प्रमुखांना सगळे थोरल्या आई म्हणत. त्यांनी ओळी मोजल्या. आठ वर्षांच्या जागी पाचच वर्षांच्या निघाल्या.

"व्रत मोडलं," त्या म्हणाल्या. "तरी पोटच्या पोरीने टाका घातला, तर आम्ही पोथी घेऊ. उद्या सकाळपर्यंत ठरव, बाळ. नाही घातलास, तर ती कायमची ग्रंथाबाहेर राहील."

शाल्मली मागाच्या खोलीत जाऊन बसली. मागोमाग टिकल्या आला.

"माझ्या वाढदिवसाला लाल ओळ विणेन म्हणाली होती," शाल्मली म्हणाली. "पाचच आहेत. तीन वाढदिवस विसरली. मी इथे रोज वाट बघत होते."

"ती एकही दिवस विसरली नाही. मी शेजारी उभा असायचो. तिचे दिवसच कमी होते."

"काहीतरीच काय."

टिकल्याने एक लाकडी चौकट जमिनीवर आडवी ठेवली आणि धोट्याला (आडवा धागा इकडून तिकडे नेणाऱ्या लाकडी तुकड्याला) खडू बांधला. "समज, धोटा म्हणजे प्रकाशाचा किरण. या काठावरून त्या काठावर पोचला, की घड्याळाचा एक ठोका." त्याने धोटा नेला. जमिनीवर सरळ रेघ उमटली. "आता मी धोटा नेतो, तू चौकट पुढे ओढ."

शाल्मलीने नाइलाजाने ओढली. या वेळी रेघ तिरकी आली.

"ही लांब आहे," ती म्हणाली. "पण धोटा जोरात फेकला, तर वेळ तेवढाच लागेल."

"धोटा जोरात फेकता येतो, प्रकाश नाही. यान कितीही पळो, प्रकाशाचा वेग प्रत्येकाला तेवढाच दिसतो. वाट लांब, वेग तोच. मग?"

"मग वेळ जास्त लागणार. म्हणजे यानातला ठोका उशिरा पडणार?"

"आपण इथून पाहिलं, तर हो. याला कालविस्तार (वेगाने जाणाऱ्याचा काळ सावकाश सरणं) म्हणतात. नुसतं घड्याळच नाही. नाडी, भूक, झोप, सगळं त्याच चालीने चालतं. त्यामुळे यानात बसलेल्याला काहीच वेगळं जाणवत नाही. आमचं यान प्रकाशाच्या पाऊणपटीहून थोड्या जास्त वेगाने पळत होतं. इथे आठ वर्षं सरली, तिथे पाच."

"मग चंद्रावर गेलेल्यांच्या पोथ्या कशा पुऱ्या भरल्या?"

"ती यानं आमच्यापुढे गोगलगाई. फरक पडला, पण एका ओळीएवढाही नाही."

"आईला हे माहीत होतं?"

"जाताना तिने सगळ्यांना सांगितलं होतं. पंथात कोणी मनावर घेतलं नाही, आणि तू फार लहान होतीस."

शाल्मलीने तिरक्या रेघेवरून बोट फिरवलं. मग हळूच विचारलं, "तिला मी केवढी वाटायचे?"

"शेवटच्या दिवसांत हिशोब केला, की तू बाराची झालीस हे तिला कळायचं. पण ओळ विणताना तुझ्याबद्दल बोलायची, तेव्हा नऊचीच म्हणायची."

इतके दिवस दाबून धरलेलं रडू आता शाल्मलीला आवरलं नाही. टिकल्याला रडता येत नव्हतं. तो नुसता बसून राहिला.

सकाळी तिने सगळ्यांसमोर चौकट ओढून दाखवली. थोरल्या आईंनी तिला तीन वेळा ओढायला लावली.

"काळ सगळ्यांचा एकच, असं धरून चाललो आम्ही," त्या म्हणाल्या. "भामिनीचं ऐकलं नाही, ते चुकलं. पोथीत कमी पडलेली तीन वर्षं आम्ही विणून भरून घेऊ."

"नको," शाल्मली म्हणाली. "ती वर्षं आईची नव्हती. माझी होती, तिच्याविना काढलेली." आणि तिने पहिला टाका घातला.

पुढचं यान हिवाळ्यात निघणार होतं. त्यातून जाणाऱ्या विणकराची मुलगी, मृद्गंधा, चार वर्षांची होती. शाल्मली खडू घेऊन तिच्या अंगणात गेली.

"तुझ्या बाबाची पोथी आखूड येईल," ती म्हणाली. "पण त्याने एकही दिवस चुकवलेला नसेल."

एवढ्याशा पोरीला त्यातलं काही कळलं नाही. तिने खडू मागून घेतला आणि अंगणात मांजर काढलं. म्हणून शाल्मली दुसऱ्या दिवशी पुन्हा गेली. मृद्गंधाला कळेपर्यंत ती रोज जाणार होती.